समुद्राची नोंदवही

गेल्या डिसेंबरात एका रात्री अकराच्या सुमाराला भाचीच्या मुलाचा फोन आला. "आजी, धक्क्यावर ये पटकन, लाटा पेटल्यात!" शाल गुंडाळून गेले. किनाऱ्यावर पुण्या-मुंबईच्या गाड्या लागलेल्या, मोबाइल उंचावलेले आणि फुटणाऱ्या प्रत्येक लाटेच्या कडेला निळा प्रकाश. मुलं पाण्यात पाय आपटत होती. आपटलं की निळं चांदणं उडायचं. मी एक बाटली भरून घेतली, घरी आणली, स्वयंपाकघरातल्या टेबलावर सूक्ष्मदर्शक मांडला आणि एक थेंब काचपट्टीवर ठेवला. भिजून फुगलेल्या साबुदाण्यासारखे पारदर्शक गोळे, प्रत्येकाला एक बारीक शेपूट. नॉक्टिल्युका सिंटिलान्स.

ते दृश्य सुंदर होतं, हे आधी सांगते. मुलांचा आनंद मला हिरावून घ्यायचा नाही. पण दुसऱ्या दिवशी गावात जी चर्चा झाली, तिने मला हे लिहायला बसवलं. कोणी म्हणालं, पर्यटन वाढेल. कोणी म्हणालं, कारखान्याचं केमिकल आहे. कोळीवाड्यातले एक वयस्कर नाखवा म्हणाले, "आमच्या लहानपणीही पाणी असंच चमकायचं." त्यांचंही खरं आहे. माझा बा अमावास्येच्या रात्री होडीत उभा राहून चमकणाऱ्या पाण्यावरून मासळीचा थवा हेरायचा. मग आता हे पूर्वीपेक्षा जास्त होतंय की तेवढंच? लवकर होतंय की वेळेवर? जास्त दिवस टिकतंय का? आमच्या तालुक्यात या प्रश्नांचं उत्तर कोणाकडेच नाही, कारण कोणी कधी सलग, पद्धतशीर लिहून ठेवलेलं नाही. १९५० साली अमुक दिवशी इथे किती पाऊस पडला, हे तहसील कचेरीत सापडेल. त्याच दिवशी समुद्रात काय होतं, ते सापडणार नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे: तालुक्यागणिक जसा पर्जन्यमापक आहे, तशी प्रत्येक बंदरावर आणि प्रत्येक मोठ्या धरणावर प्लवकांची साप्ताहिक नोंद व्हायला हवी. ती आपल्याच शाळा-कॉलेजांनी करायला हवी आणि पावसाच्या आकड्यांसारखीच छापून यायला हवी.

प्लवक म्हणजे पाण्यात तरंगणारे, प्रवाह नेईल तिकडे जाणारे जीव. व्हिक्टर हेन्सन या जर्मन शास्त्रज्ञाने १८८७ मध्ये 'भटके' या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून त्यांना प्लँक्टन हे नाव दिलं. आपण संस्कृतातल्या तरंगण्याच्या धातूवरून प्लवक म्हटलं. पाठ्यपुस्तकात त्यांच्यावर दोन ओळी असतात आणि सोबत एक आकृती, जी मुलं परीक्षेपुरती काढतात. मी ३० वर्षं रायगडच्या किनाऱ्यावर प्राणिशास्त्र शिकवलं आणि त्या दोन ओळींशी भांडत राहिले. कारण वर्गातल्या निम्म्या मुलांच्या घरचं पोट त्या दोन ओळींवर चालत होतं.

जवळा घ्या. अंगणात सुकत घातलेला गुलाबी जवळा कोणी पाहिला नाही असं आमच्याकडे घर नाही. अ‍ॅसिटिस इंडिकस हे त्याचं शास्त्रीय नाव. भरती-ओहोटीच्या ओढीबरोबर डोल जाळ्यात येतो, कारण त्या ओढीविरुद्ध पोहण्याची त्याची ताकद नाही. म्हणजे जवळा हा डोळ्यांना दिसणारा, टोपलीने मोजता येणारा, कांदा-कोकम घालून खाता येणारा प्लवकच. तो त्याच्याहून बारीक प्लवकांवर जगतो आणि बोंबील जवळ्यावर जगतो. बांगडा आणि तारली तर ही साखळीही लांबवत नाहीत. त्यांच्या कल्ल्यांना चाळणीसारखे दाते असतात. तोंड उघडून पोहायचं, पाणी गाळायचं, उरेल ते खायचं. राज्याने २०२३ मध्ये पापलेटला राज्यमासा केलं, चांगलं केलं. त्या पापलेटाची पिल्लं काय खाऊन वाढतात, याची नोंद मात्र कुठल्याच बंदरावर होत नाही.

आणि जे तरंगत नाहीत त्यांचंही बालपण तरंगण्यात जातं. खडकाला चिकटलेलं कालव, वाळूत रुतलेली तिसरी, बिळातला खेकडा, सगळ्यांची पिल्लं आधी काही दिवस ते काही आठवडे प्लवक असतात. खेकड्याचं पिल्लू काचपट्टीवर पाहिलं तर खेकडा म्हणून ओळखणार नाही: मोठे काळे डोळे, पाठीवर उंच काटा, नाकासमोर दुसरा काटा. पहिल्यांदा ते दाखवलं की एखादी मुलगी हमखास म्हणायची, "मॅडम, हे चुकून आलंय." डायाटम दाखवताना मी कुंकवाच्या करंड्याची उपमा द्यायचे, कारण ते तसंच असतं. वाळू ज्याची बनते त्याच सिलिकाची पारदर्शक डबी, तिला बरोबर बसणारं झाकण आणि आत एकच जिवंत पेशी. अशा कोट्यवधी डब्या आणि त्यांचे इतर हिरवे सोबती मिळून पृथ्वीवरच्या एकूण प्रकाशसंश्लेषणाचा जवळजवळ निम्मा भार उचलतात. जमिनीवरची सगळी जंगलं, सगळी शेतं एका बाजूला आणि हे दुसऱ्या बाजूला.

आता नॉक्टिल्युकाकडे परत येते. अरबी समुद्राचं पोट दोन ऋतूंत भरतं. पावसाळ्यातल्या नैर्ऋत्य वाऱ्यांनी सोमालिया-ओमानच्या आणि आपल्या नैर्ऋत्य किनाऱ्यालगतचं खालचं, थंड, क्षारांनी भरलेलं पाणी वर येतं. हिवाळ्यात ईशान्येकडून कोरडे थंड वारे येतात, उत्तरेकडच्या समुद्राचा पृष्ठभाग गार होऊन खाली बसतो आणि खालचं खत वर येतं. या हिवाळी पिकात पूर्वी डायाटम मुख्य असत. या शतकाच्या सुरुवातीपासून तिथे हिरवी नॉक्टिल्युका पसरू लागली. हेल्गा गोम्स आणि जोकिम गोएश हे मूळचे गोव्याचे, दोना पावलाच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत काम केलेले आणि आता अमेरिकेतल्या कोलंबिया विद्यापीठात असलेले शास्त्रज्ञ. त्यांनी भारतातल्या सहकाऱ्यांबरोबर 'सागर संपदा' जहाजावरून प्रयोग केले आणि २०१४ मध्ये निष्कर्ष मांडले. या हिरव्या नॉक्टिल्युकाच्या पेशीत हजारो बारीक हिरवे शैवालजीव भाडेकरूसारखे राहतात. ते अन्न बनवून घरमालकाला देतात, शिवाय घरमालक स्वतः डायाटम गिळतोच. म्हणजे शेतही त्याचं आणि शिकारही त्याची. कमी प्राणवायूच्या पाण्यात बाकीचे दमतात, तेव्हा याचं बरं चालतं. आणि याला खाणारे कोण? मासळीला पोसणाऱ्या कोपेपॉड या बारीक प्राणिप्लवकांना तो फारसा झेपत नाही; त्यावर साल्प नावाचे जेलीसारखे जीव आणि जेलीफिश ताव मारतात. बांगड्याच्या ताटातलं जेलीफिशच्या ताटात जातं, असा याचा अर्थ.

यामागचं कारण काय, यावर शास्त्रज्ञांत मतभेद आहेत. पाण्यातला प्राणवायू कमी होतोय हे एक कारण सांगितलं गेलं. याच मंडळींनी २०२० मध्ये हिमालय-तिबेटवरचा बर्फ घटल्याने हिवाळी वारे पूर्वीइतके थंड राहिले नाहीत आणि समुद्र नीट घुसळला जात नाही, असं मांडलं. इतर काही संशोधकांना प्राणवायूचं कारण पटलेलं नाही. मी यात पंच होऊ शकत नाही. पण वाद नेमका कुठे अडतो ते मला दिसतं: जहाज वर्षातून काही दिवस जातं, बाकीचे दिवस कोरे. आणि त्या जहाजाच्या मार्गात आमची खाडी येत नाही.

इथे मला नेहमी सांगतात की उपग्रह आहेत ना. आहेत, आणि ते उत्तम काम करतात. हैदराबादची इन्कॉइस संस्था समुद्राचं तापमान आणि हरितद्रव्य पाहून मासे कुठे मिळण्याची शक्यता आहे ते कोळ्यांच्या मोबाइलवर पाठवते. आमच्या बंदरावरचे तरुण नाखवा ते पाहून निघतात. त्यांना कोणी सांगितलेलं नाही की ते पाहतात तो नकाशा मुळात प्लवकांचा आहे. पण उपग्रहाला पाणी हिरवं आहे एवढं चांगलं कळतं. हिरवं कोणामुळे, हे ओळखणं त्याला अवघड जातं. डायाटमचं हिरवं आणि नॉक्टिल्युकाचं हिरवं यांत बांगडा मिळणं आणि न मिळणं एवढा फरक असू शकतो. शिवाय समुद्र सगळ्यात जास्त कामाला लागतो तो पावसाळ्यात, आणि तेव्हा आमच्यावर आणि उपग्रहाच्या डोळ्यांवर ढग असतात. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद. होड्या वर ओढलेल्या, आकाश झाकलेलं. म्हणजे वर्षातले सगळ्यात महत्त्वाचे दोन महिने आपण आंधळे असतो.

प्लवक पकडायचं काम साध्या कापडाने होतं, हे मला प्रयोगशाळेत नाही, बीड जिल्ह्यात कळलं. १९८२ मध्ये मला पहिली नोकरी लागली ती तिथल्या एका खेड्यात. गावाला पायऱ्यांची बारव होती. माझ्या घरमालकीणबाई, त्यांना सगळे अक्का म्हणत, घागरीच्या तोंडाला जुन्या लुगड्याचं चार पदरी फडकं बांधल्याशिवाय पाणी भरत नसत. समुद्राकाठची पोर मी, मला ते सोवळ्यातलं काही वाटलं. एकदा त्यांनी नवऱ्याच्या पोटरीवरचा खड्डा दाखवला. नारू. हातभर, कधी त्याहून लांब, दोऱ्यासारखा जंत पायातून बाहेर येतो. आग होते म्हणून माणूस पाय पाण्यात बुडवतो, जंत पाण्यात पिल्लं सोडतो, ती पिल्लं सायक्लॉप्स नावाचा प्राणिप्लवक गिळतो, आणि तो सायक्लॉप्स कोणीतरी ओंजळीने पितं. पुढच्या वर्षी त्याचा पाय. नारूवर लस नव्हती, औषध नव्हतं, आजही नाही. तो गेला तो पाणी गाळल्याने, सायक्लॉप्स मारणारं औषध विहिरीत टाकल्याने आणि पायऱ्यांच्या विहिरींत उतरणं बंद केल्याने. देशातला शेवटचा रुग्ण १९९६ मध्ये राजस्थानात सापडला. २००० मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने भारत नारूमुक्त जाहीर केला. एका प्लवकाचं आयुष्य नीट समजून घेतलं म्हणून एक रोग गेला. अक्कांचं फडकं मी कॉलेजातून मागून आणलेल्या सूक्ष्मदर्शकाखाली धरलं, तेव्हा त्यात एकच डोळा असलेले, शेपटाशी अंड्यांच्या दोन थैल्या घेतलेले सायक्लॉप्स वळवळत होते. अक्कांनी पाहिलं, बराच वेळ काही बोलल्या नाहीत, मग म्हणाल्या, "लेकुरवाळी हाय की."

पुढे खूप वर्षांनी वाचलं की रिटा कोलवेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बांगलादेशातल्या मतलब भागात ६५ गावांत अगदी हेच केलं. पटकीचे जंतू कोपेपॉडच्या अंगाला चिकटून राहतात. जंतू कापडातून जातात, कोपेपॉड जात नाहीत. जुन्या साडीच्या घडीतून पाणी गाळायला शिकवलेल्या गावांत पटकीचं प्रमाण ४८ टक्क्यांनी घटलं. २००३ मध्ये ते प्रसिद्ध झालं. नव्या कापडापेक्षा धुऊन धुऊन मऊ झालेलं जुनं कापड सरस, कारण त्याच्या धाग्यांमधली भोकं बारीक झालेली असतात. हे वाचून मी अक्कांना पत्र लिहिलं होतं. उत्तर त्यांच्या मुलाचं आलं. अक्का आदल्या वर्षीच गेल्या होत्या.

कापडाचीच आणखी एक गोष्ट. अ‍ॅलिस्टर हार्डी या इंग्रज प्राणिशास्त्रज्ञाने एक यंत्र बनवलं: पाण्यातून ओढलं की आत रेशमी पट्टी हळूहळू गुंडाळत जाते आणि वाटेतले प्लवक तिच्यावर अडकत जातात. १९३१ पासून हे यंत्र नेहमीच्या मालवाहू जहाजांच्या, फेरीबोटींच्या मागे बांधून उत्तर समुद्रात आणि अटलांटिकमध्ये ओढलं जातं. खास जहाज नाही. बोट आपल्या कामाला जाते, जाता जाता समुद्राची नोंद होते. आणि पहिली नोंद काय, तर पट्टी किती हिरवी झाली ते डोळ्यांनी रंगपट्टीशी ताडून पाहायचं. इतक्या साध्या कामातून, ते दशकानुदशके न थांबवता केल्याने, ईशान्य अटलांटिकमधले उबदार पाण्यातले कोपेपॉड ४० वर्षांत सुमारे १० अंश अक्षांश उत्तरेला सरकल्याचं २००२ मध्ये दाखवता आलं. कॉड माशाची पिल्लं ज्या थंड पाण्यातल्या कोपेपॉडवर वाढतात, तो मागे हटत होता. तिथल्या कोळ्यांना निदान कळलं तरी की काय होतंय. आणि आपल्याकडे? केरळात २०१२ मध्ये सुमारे ४ लाख टन तारली मिळाली होती, २०२१ मध्ये ती ३,२९७ टनांवर आली. कोळ्याला मासे का नाहीत हे विचारलं तर तो मोठ्या पर्ससीन जाळ्यांवाल्यांकडे बोट दाखवतो, पर्ससीनवाला एलईडी दिव्यांवर मासे ओढणाऱ्यांकडे. बेसुमार मासेमारी खरीच आहे, मी ती नाकारत नाही. पण ताटात काय वाढलं जात होतं हेच माहीत नसेल तर भांडण जाळ्यांपाशीच संपतं.

हार्डीची गोष्ट वाचून मी १९९६ मध्ये मुलांबरोबर जाळी बनवली. छपाईवाले स्क्रीन प्रिंटिंगला वापरतात ती बारीक नायलॉनची जाळी, तारेचं कडं, टोकाला औषधाची बाटली. दर शुक्रवारी भरती चढत असताना धक्क्यावरून दहा मिनिटं सोडायची. ओढायची गरज नाही, भरतीच पाणी आत ढकलते. थोडं फॉर्मलिन घालून बाटली बंद करायची, सोमवारी मोजायचं. रंगासाठी मुलींनी स्वतःची मापं ठरवली: मूग, हळद, काढा, ताक. २० वर्षांच्या २३ वह्या झाल्या. परीक्षांचे आठवडे गाळलेले, वादळात एकदा जाळीच गेलेली, मोजणारे हात दरवर्षी बदललेले. शास्त्रज्ञ याला निबंध म्हणून छापणार नाहीत, मीही छापायला देणार नाही. मी निवृत्त झाले तेव्हा जागा नाही म्हणून बाटल्या फेकल्या गेल्या. वह्या मी घरी आणल्या म्हणून राहिल्या. त्या वह्यांमधल्या त्रुटी दूर करता येण्यासारख्या आहेत, हेच मला सांगायचं आहे. एक ठरावीक जाळी, एक ठरावीक वेळ, ओळखायला एक सचित्र तक्ता, आणि अधूनमधून गोव्याहून किंवा मुंबईहून कोणी येऊन दहा बाटल्या पुन्हा मोजून पाहणारं. प्राणिशास्त्राचा विभाग असलेल्या प्रत्येक कॉलेजात सूक्ष्मदर्शक आधीच आहेत, धूळ खात आहेत. आमच्या खाड्यांतून रोज फेरीबोटी जातात. त्यांच्या धक्क्यांवर जाळी सोडायला परवानगीचं एक पत्र पुरेल.

गोड्या पाण्याबद्दल तर मला जास्त घाई वाटते. उजनी धरणाचं पाणी उन्हाळ्यात हिरवंगार होतं, हे सोलापूरकरांना नव्याने सांगायला नको. पुण्या-पिंपरीचं सांडपाणी भीमेतून तिथे येतं, त्यातल्या नत्र-स्फुरदावर मायक्रोसिस्टिससारखे नील-हरित जीव माजतात. त्यांच्या पेशीत हवेच्या बारीक पुड्या असतात, त्यामुळे ते वर येऊन साय धरतात. त्यांच्यातले काही यकृताला घातक विष तयार करतात, आणि ते विष पाणी उकळून जात नाही. हे वाक्य मी जाणूनबुजून स्वतंत्र लिहिते, कारण आपल्याकडे शंका आली की उकळून पिणं हा शेवटचा उपाय मानतात: या विषावर उकळणं हा उपाय नाही. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २०२१ च्या अहवालानुसार देशातल्या शहरांत रोज ७२,३६८ दशलक्ष लिटर सांडपाणी तयार होतं आणि प्रत्यक्षात २०,२३६ दशलक्ष लिटरवर प्रक्रिया होते. उरलेलं कुठे जातं ते नदी, धरण आणि खाडीतले प्लवक सांगतील. पाण्याचे रासायनिक अहवाल नमुना घेतला त्या घटकेचं बोलतात. टँकर रात्री रिकामा झाला तर सकाळपर्यंत पाणी बरंच निवळलेलं असतं. पण कोणते जीव गेले आणि कोणते माजले, हे काही दिवस तरी लपवता येत नाही. म्हणून सांडपाणी सोडण्याची परवानगी देताना वर्षभराची प्लवकांची नोंद मागावी, असं माझं म्हणणं आहे. आज नोंदच नाही, म्हणून 'परिणाम आढळला नाही' असं लिहिणं सोपं जातं.

डिसेंबरातल्या त्या रात्रीनंतर भाचीचा मुलगा माझ्याकडे आला आणि त्याने वह्या मागितल्या. तो नववीत आहे. नवी जाळी त्याने गावातल्या शिंप्याकडून शिवून घेतली, चोविसावी वही त्याच्या अक्षरात सुरू झाली आहे. पहिल्या पानावर तारीख आहे, भरतीची वेळ आहे, रंगापुढे 'मूग' लिहिलंय. खाली: नॉक्टिल्युका, एका थेंबात ४. डायाटम, मोजून संपले नाहीत. खेकड्याची पिल्लं ११. आणि समासात पेन्सिलीने, "एकाचा काटा मोडका. पुढच्या शुक्रवारी आजीला विचारणे."